खाडीची साडेसाती : नोंद 11

घटिका, म्हणजे जुन्या मोजणीतली 24 मिनिटं, मोजायला पाण्यावर सोडायची माझी भोकाची वाटी अखेर 22 मिनिटांत बुडू लागली. हवीत 24. पण पहिल्या दिवशी हीच वाटी सात मिनिटांत तळाला गेली होती, तेव्हा तूर्त तक्रार नाही.

नव्याने आलेल्यांसाठी थोडक्यात: 'खारमुलूख' हे आमच्या शनिवारच्या टेबलाचं होमब्रू, म्हणजे घरीच रचलेलं जग. खेळ असा की प्रत्येक जण एक पात्र होतो, मी गोष्ट चालवतो आणि अडलं की फासा टाकायचा. मी ऐरोलीचा, टेबल नौपाड्यात आईच्या घरी, खेळाडू चार. या जगातल्या आंबोरी खाडीत उधाणाच्या ओहोटीला पाण्याबरोबर वेळही ओसरते. उघड्या चिखलात उतरलेल्याचा काळ मंदावतो, काठावरच्यांचा नेहमीसारखाच चालतो. हे सुचलं ऐरोलीच्या पुलावर. बस हलत नव्हती आणि खाली चिखलात खोचून ठेवल्यासारखे फ्लेमिंगो उभे होते. नंतर कळलं की भाषेला हे आधीच ठाऊक होतं. संस्कृतातल्या 'वेला'चा अर्थ समुद्राचा काठ, भरती आणि काळ, तिन्ही. आपला 'वेळ' तिथूनच आलाय. फुकटात मिळालेलं सोडायचं कशाला? आंबोरीचे लोक पाण्याला आणि काळाला एकच शब्द वापरतात.

आता मुख्य गोष्ट, म्हणजे प्रमाण. आधी मी ऐटीत ठेवलं होतं: आत एक घटिका, बाहेर एक दिवस. साठ पट. ऐकायला भारी वाटतं, पण आमच्यातला एक जण बँकेत आहे. त्याने पात्राचं सगळं सोनं सावकाराकडे ठेवलं, मंडळींना घेऊन मुद्दाम पाण्याखाली अडकला (एका उधाणात अडकलेला माणूस पुढच्या उधाणालाच सुटतो, हा माझाच नियम), सहा तास शिदोरी खात बसला आणि वर येऊन पंधरा दिवसांचं व्याज मागितलं. हिशोब बरोबर होता! मी निमूट दिलं आणि घरी येऊन नियम खोडला.

आताचा नियम असा: आत एक घटिका, काठावर एक प्रहर. म्हणजे 24 मिनिटांना तीन तास, साडेसात पट. टेबलावर लगेच त्याचं नाव पडलं 'साडेसाती', आणि माझं 'कालओहोट' हे सुंदर नाव कुणीही वापरत नाही. चिखल दोन प्रहर उघडा असतो, म्हणजे आतल्याला मिळतात जेमतेम दोन घटिका. तेवढ्यात बाहेर आला तर सहा तासांवर निभावलं. नाही आला तर डोक्यावरून पाणी, आणि पंधरवडा गेला. त्याच्या अंगावर मात्र दोनच दिवस, उपाशी आणि गारठलेले. व्याजाचा धंदा बसला. साप चावलेल्याला चिखलात नेऊन सहा तासांवरच्या वैद्याची वाट पाहायची, ही आमच्या टेबलावरच्या ताईची युक्ती मात्र मी आनंदाने ठेवली.

खेळाडूंपैकी एक, आमचा डोंबिवलीकर, म्हणाला, "हे रेवतीच्या बापाचं झालं की." ककुद्मी मुलीसाठी वर विचारायला ब्रह्मलोकी गेला, क्षणभर गाणं ऐकत थांबला, तेवढ्यात खाली सत्तावीस चतुर्युगं उलटली. गोष्ट थोर आहे, पण खेळाला निरुपयोगी. परत आल्यावर ओळखीचं कुणीच उरलं नसेल तर भांडणार कोणाशी? मला काठावर जिवंत, रागावलेली माणसं हवी आहेत. साठ पटीत दंतकथा होते, साडेसात पटीत घरात भांडण होतं.

वेळापत्रकासाठी किनाऱ्यावरचा जुना आडाखा घेतला: तिथीची पाऊणपट म्हणजे भरतीची वेळ. अष्टमीला सहा, पौर्णिमेला सव्वाअकरा. त्यामुळे उधाणाची पूर्ण ओहोटी नेहमी पहाटे किंवा दिवेलागणीच्या आधी येते. हे मी ठरवलं नव्हतं, गणितातून आलं, आणि सांजवेळी काठावर कंदील घेऊन उभे असलेले लोक आपोआप मिळाले. "एकाच गावात दोन काळ कोण चालवून घेईल?" या शंकेला माझं उत्तर मुंबई. 1906 साली देशाची प्रमाणवेळ ठरल्यावरही इथे 39 मिनिटं मागे असलेला 'बॉम्बे टाइम' रेंगाळला, तो थेट 1955 पर्यंत. आंबोरीचा जकातदार म्हणूनच दोन वह्या ठेवतो.

आता वाटी. घटिकापात्र म्हणजे तळाला भोक असलेली तांब्याची वाटी; पाण्यावर सोडायची, भरून बुडाली की एक घटिका. जांभळी नाक्यावरून पातळ पत्र्याची वाटी आणली. पहिलं भोक ड्रिलने पाडलं, ते फार मोठं. डाग देऊन बुजवलं, मग शिवणाची बारीक सुई तापवून, ठोकून नवं पाडलं: 16 मिनिटं. काठाचा जाड पत्रा कानशीने घासून वजन उतरवलं, तेव्हा 22. पंखा चालू असला तर वाटी परातीच्या कडेला जाऊन टेकते आणि कलंडते, त्यामुळे सेशनभर पंखा बंद. मे महिन्यात, ठाण्यात. खेळाडूंचं प्रेम तपासायचं असेल तर हा उपाय आहे.

पण परवा ते वसूल झालं. पात्रं चिखलात, मध्ये सापडलेली पेटी, आणि वाटणीवरून वाद. वाटी एकदा बुडाली, मी उचलून पुन्हा सोडली, कुणाचं लक्ष नाही. दुसऱ्यांदा काठ पाण्याच्या रेषेला आला, क्षणभर तसाच राहिला, मग 'डुबुक'. सगळे गप्प. तिघांनी फासा टाकून कसाबसा काठ गाठला, डोंबिवलीकराचा नाविक राहिला.

पुढच्या उधाणाला तो वर आला. काठावर त्याची बहीण. ती ताई खेळते. तो म्हणाला, "दोनच दिवस तर झाले."

ताई म्हणाली, "दादा, पंधरावं ताट झाकून ठेवलंय मी."

त्याने समजूत घालायला वीस बाजूंचा फासा टाकला (मोठा आकडा आला तर जमलं). तीन पडले.

पुढे काय होतं ते शनिवारी. तोवर काठ आणखी थोडा घासायचा आणि एक परात विकत आणायची. आईने तिची कणीक मळायला परत नेली आहे, आणि तांब्याच्या किटणाबद्दल दोन शब्द ऐकवूनही गेली.