अर्धा फूट

म्हार्दोळला देवळासमोरच्या मांडवात पहिल्यांदा तोंडाला रंग लावला, तेव्हा मी नववीत होते. चटईवर पेंगणाऱ्या शेवटच्या म्हातारीलाही ऐकू गेलं पाहिजे, एवढाच तेव्हाचा अभिनयाचा धडा. तो विसरले पणजीत, कला अकादमीच्या ब्लॅक बॉक्स या छोट्या नाट्यगृहात. प्रेक्षक चार हातांवर, नाटकाला गोष्ट अशी नाही, आणि मी पाऊण तास एकच साडी घालते घडी, मोडते घडी. बाबा एका प्रयोगाला आले होते. "साडी बरी होती," म्हणाले.

त्यामुळे सिनेमात आईची भूमिका आली तेव्हा वाटलं, कॅमेरा जवळ असतो, प्रेक्षक तर आपल्याला नाकासमोर बसवायची सवयच आहे. शिवाय शाळेला दिवाळीची सुट्टी होती.

शूटिंग हळदोण्यातल्या एका जुन्या घरात. शेवटचा प्रसंग पहिल्या दिवशी उरकला, त्याचं काही वाटलं नाही. अडले ते चहापाशी. मी स्वयंपाकघरातून कप घेऊन येते, टेबलापाशी थांबते, मुलगा सांगतो पोर्तुगीज पासपोर्ट आला, मी उंडो, म्हणजे आमचा गोल पाव, चहात बुडवते आणि विचारते, "केव्हा जातोस?" बस्स.

पहिल्या टेकला मी बोलता बोलता त्याच्याकडे सरकले. आई सरकेलच की!

"ताई, मार्क सोडलात. अर्धा फूट पुढे, फोकस गेला." फोकस सांभाळणारा मुलगा माझ्या विद्यार्थ्यांएवढा. जमिनीवर टी आकाराची चिकटपट्टी, आणि तिच्याकडे बघायचं मात्र नाही. शेवटी टेबलाच्या कडेला मांडी टेकली की थांबायचं, असं ठरवलं.

मग उंडो. वाइड शॉटमध्ये मी 'केव्हा'च्या आधी घास घेतला होता, डाव्या हाताने. झालं, शॉट एकमेकांना जुळावेत म्हणून आता प्रत्येक वेळी तिथेच, त्याच हाताने. आमचे नाटकाचे दिग्दर्शक तालमीत ओरडायचे, "कालचं आज करू नकोस!" इथे मी सकाळचंच दुपारी करत होते. क्लोजअपपर्यंत नववा उंडो. तोवर "लेन्स कुठली?" विचारायला शिकले होते. ८५, म्हणजे चेहरा जवळून टिपणारी, म्हटलं की भुवईलाही सुट्टी.

ओके झाल्यावर साउंडवाल्याने सगळ्यांना जागच्या जागी उभं केलं. रूम टोन. त्या खोलीची नुसती शांतता अर्धा मिनिट रेकॉर्ड करतात, एडिटिंगमध्ये संवादांच्या मधल्या फटी भरायला. लाइटवाले, मेकअपवाली, मी कप धरून, सगळे गप्प. दिवसभरात पहिल्यांदा मला समोर प्रेक्षक असल्यासारखं वाटलं. कोणी खोकलंसुद्धा नाही.

विसाव्या सेकंदाला बाहेरून पोदेराचा, म्हणजे पाववाल्याचा, भोंगा. पों पों.

"पुन्हा," साउंडवाला म्हणाला. स्पॉटदादा तोवर पिशवी घेऊन बाहेर पळाला होता. उंडे संपले होते ना.