वाटणीचा तो लेख

मखमलाबादची जमीन आजोबांची. वडील, आमचे अण्णा, २०१७ साली गेले आणि सातबाऱ्यावर आई, दादा, धाकटा आणि मी अशी चार नावं लागली. वाटपाचं बोलणं काढलं की दादा म्हणायचा, "तुझ्या लग्नात दिलं की सगळं." दोन वर्षं थांबले आणि मग नाशिकच्या दिवाणी न्यायालयात वाटपाचा दावा लावला. (महाराष्ट्रात मालमत्तेच्या दाव्यात बाईला कोर्ट फी माफ आहे. वकीलबाईंनी सांगेपर्यंत मला हे माहीत नव्हतं.)

दादाच्या कैफियतीत, म्हणजे दाव्याला दिलेल्या लेखी उत्तरात, नवीनच गोष्ट निघाली. म्हणे १९९८ सालीच वाटणी होऊन लेख झालाय, आता वाटायला काही उरलेलं नाही. असा लेख मी कधी पाहिला नव्हता, घरात कुणाच्या तोंडून ऐकलाही नव्हता.

मी हट्टाने घाईघाईत अर्ज द्यायला लावला की प्रतिवादीने मिळकतीसंबंधी सर्व कागदपत्रं हजर करावीत. समोरून से (लेखी म्हणणं) आला, अर्ज मोघम आहे. चार तारखा गेल्या आणि अर्ज नामंजूर झाला. त्या दिवशी सीबीएसच्या स्टॉपवर मी रडले. पण कोर्टाचं बरोबर होतं. कुठला कागद हवा, तो समोरच्याकडेच आहे हे कशावरून आणि दाव्यातल्या कुठल्या मुद्द्याशी त्याचा संबंध, यातलं एकही मी सांगितलं नव्हतं.

मग वकीलबाईंनी कैफियत माझ्यापुढे ठेवली आणि हातात पेन्सिल दिली. "कागदाचा उल्लेख दिसेल तिथे खूण करा." कलम ९ मध्ये तो लेख, कलम १२ मध्ये सोसायटीचं कर्ज. दोनच खुणा झाल्या.

लेखासाठी दिवाणी प्रक्रिया संहितेच्या आदेश ११ नियम १५ खाली नोटीस दिली. समोरच्याने कैफियतीत ज्या कागदाचा आधार घेतलाय, तो बघायला मागण्याचा आपल्याला हक्क आहे. त्याने दाखवला नाही, तर सबळ कारणाशिवाय पुढे त्याला तो स्वतःच्या बाजूने पुराव्यात वापरता येत नाही. खरी मेख इथेच आहे. दादाचा सगळा बचाव त्या लेखावर उभा, त्यामुळे त्याला तो बाहेर काढावाच लागला. सोसायटीची फाइल त्याच्याकडे नव्हतीच, ती आणायला सचिवांना समन्स काढलं. फेरफारांच्या, म्हणजे सातबाऱ्यावर झालेल्या बदलांच्या नोंदींच्या, नकला मी स्वतः तहसीलमधून काढल्या, त्यासाठी कोर्टाची गरजच नव्हती. १९९८ सालच्या वाटणीचा फेरफार त्यात कुठेही नव्हता.

लेख बघायला दादाच्या वकिलांच्या ऑफिसात गेलो. दादा खिडकीशी उभा होता, माझ्याकडे बघितलं नाही. स्टॅम्पपेपर घडीवर फाटायला आलेला, निळी शाई. अक्षर अण्णांचं. त्यांचा 'ळ' मी कुठेही ओळखला असता. क्षणभर मला दावा वगैरे काही आठवेना.

"वाचा," वकीलबाई हळूच म्हणाल्या. वाचलं. दोन्ही मुलांपैकी कुठला तुकडा कुणी कसायचा, विहिरीचं पाणी कुणी कोणत्या दिवशी घ्यायचं, एवढंच होतं. 'वहिवाटीच्या सोयीसाठी' असे शब्द अण्णांनी स्वतः लिहिले होते. मालकी वाटून दिली, असं एकही वाक्य नाही. नोंदणीही नाही. माझं नाव नव्हतं, आईचंही नव्हतं.

२० डिसेंबर २००४ च्या आधीच्या वाटणीला मुलीला मुलाइतका हक्क देणाऱ्या कायद्याने हात लावता येत नाही, पण ती साधारणपणे नोंदलेल्या दस्ताने किंवा कोर्टाच्या हुकूमनाम्याने झालेली असावी लागते. वकीलबाई म्हणाल्या, हा लेख त्यांचा बचाव नाही, तो आपलाच पुरावा आहे. सोसायटीच्या फाइलमध्ये २००६ चा कर्जाचा अर्ज निघाला, त्यात अण्णांनी सगळं क्षेत्र आपल्याच नावे दाखवलं होतं.

आता माझी उलटतपासणी बाकी आहे. लेखाची झेरॉक्स मी मागून घेतली. दाव्याच्या फाइलमध्ये एक लावली आणि एक घरी अण्णांच्या फोटोमागे ठेवली.