एकास सहा

मी सहावीत असताना शाळेच्या मागच्या अंगाला दोन नव्या खोल्यांचं काम चाललं होतं. कामावर गवंडी होते माझे वडील, आमचे आबा. वर्गाच्या खिडकीतून थापीचा आवाज यायचा आणि मधूनच आबांची बिगाऱ्याला हाक, "एकास सहा कालव रे!"

त्याच आठवड्यात गुरुजींनी गुणोत्तर-प्रमाण सुरू केलं. फळ्यावर गणित घातलं : सिमेंट आणि वाळू 1:6, एकूण कोरडा माल 42 घमेली, तर सिमेंट किती? गवंड्याचा मुलगा म्हणून सगळ्यांच्या आधी माझा हात वर. 42 ला 6 ने भागलं आणि 7 सांगितलं. गुरुजी चूक म्हणाले नाहीत. "चल, घालून बघू," म्हणाले आणि अख्खा वर्ग बाहेर नेला.

येरळा नदीच्या वाळूच्या ढिगापाशी त्यांनी मला एक घमेलं सिमेंट ओतायला लावलं, मग वाळूची सहा. वर्ग मोठ्याने मोजत होता. "सात!" असा ओरडा झाला आणि माझ्या लक्षात आलं. सहा हा नुसत्या वाळूचा वाटा. भाग सात, म्हणून सिमेंट 6 घमेली आणि वाळू 36. पुढे भाजणीची, दूध-पाण्याची कितीतरी गणितं आली, पण आधी भागांची बेरीज करायची हे तिथेच हाताला कळलं.

आबा बाजूला उभे होते. चाचरत म्हणाले, "गुरुजी, कोरडी सात खरी. पण पाणी घातलं की सात भरत नाहीत. सिमेंट वाळूच्या फटीत बसतं."

गुरुजी म्हणाले, "मिस्त्री, भरून दाखवा."

आबांनी पाणी घालून माल कालवला आणि पुन्हा घमेल्यांत भरला. पाच काठोकाठ भरली, सहाव्याच्या तळाशी थोडा राहिला. गुरुजी वाकून बघत राहिले.

दुसऱ्या दिवशी त्यांनी आबांना वर्गात बोलावलं. आबा जेमतेम चौथी शिकलेले. हातपाय धुऊन, चपला दाराबाहेर काढून आत आले. गुरुजींनी स्वतःची खुर्ची पुढे केली, पण ते बसले नाहीत. विटांच्या बांधकामाला एकास सहा का चालतो आणि गिलाव्याला एकास चार का लागतो, हे त्यांनी उभ्यानेच सांगितलं. गुरुजी आमच्याबरोबर बाकावर बसून ऐकत होते. माझ्या वडिलांना शाळेत एवढा मान मिळालेला मी पहिल्यांदाच पाहिला.

आज बांधकामाचे हिशोब हाच माझा व्यवसाय आहे. सिमेंट, वाळू, खडी 1:2:4 अशा 100 घनफूट काँक्रीटला कोरडा माल 154 घनफूट धरतात. भाग पुन्हा सातच. 154 भागिले 7, सिमेंट 22 घनफूट. पोतं साधारण सव्वा घनफुटाचं, म्हणजे 18 पोती. यातला सात गुरुजींनी शिकवला, वरचे 54 आबांनी. कामावर नव्याने आलेल्या मुलांना मी आधी सात घमेली मोजून माल कालवायला लावतो आणि मग तोच माल पुन्हा घमेल्यांत भरायला लावतो.