अनुक्रमांक 4 ची नोंदवही

माझी विभागीय चौकशी एक वर्ष दोन महिने चालली आणि त्यांपैकी सात महिने एका साठा नोंदवहीचे एक पान पाहायला मिळण्यात गेले. निलंबन, दोषारोपपत्र, लेखी बचाव निवेदन, प्राथमिक सुनावणी हे सारे नियमाप्रमाणे पार पडले; त्याबद्दल माझी तक्रार नाही.

मी सांगलीतील एका शासकीय कार्यालयात भांडार सांभाळणारी लिपिक. ऑगस्ट 2019 च्या महापुरात कृष्णेचे पाणी आयर्विन पुलाजवळ 45 फुटांची धोक्याची पातळी केव्हाच ओलांडून गेले होते. तेव्हा साहेबांच्या तोंडी आदेशावरून मी 85 ताडपत्र्या निवारा केंद्रांना दिल्या आणि पाणी ओसरल्यावर नोंदवहीच्या शेरा रकान्यात त्यांची सही घेतली. तीन वर्षांनी तपासणीत नेमक्या 85 ताडपत्र्या कमी निघाल्या. तोवर साहेब बदलून गेले होते.

महाराष्ट्र नागरी सेवा (शिस्त व अपील) नियम, 1979 प्रमाणे मोठ्या शिक्षेसाठीच्या दोषारोपपत्राला चार जोडपत्रे असतात: दोषारोप, त्यांचे विवरण, कागदपत्रांची यादी आणि साक्षीदारांची यादी. माझ्या तिसऱ्या जोडपत्रात अनुक्रमांक 4 वर ‘साठा नोंदवही, सन 2019’ असे स्वच्छ टंकलिखित होते. मी पाहणी मागितली, तेव्हा ती जुलै 2021 च्या पुरात भिजल्याने उपलब्ध नाही, असे सांगण्यात आले. म्हणजे माझ्याविरुद्ध पुरावा म्हणून ती नोंदवही कोरडी होती आणि मला दाखवायची वेळ आली की भिजत होती.

पहिले तीन महिने मी तोंडी विनंत्यांत घालवले, ही चूक माझीच. अभिलेख कक्षाबाहेरच्या बाकावर बसायचे आणि ‘मॅडम, पुढच्या आठवड्यात बघू’ हे ऐकून परतायचे, असे चालले होते. मिरजेचे एक अव्वल कारकून माझे बचाव सहायक झाले. (विभागाची बाजू मांडणारा सादरकर्ता अधिकारी वकील नसेल, तर आपल्यालाही परवानगीशिवाय वकील देता येत नाही, दुसरा शासकीय कर्मचारी मात्र घेता येतो.) त्यांनी पहिल्याच भेटीत विचारले, ‘ताई, पोच कुठे आहे?’ पोच नव्हती. त्यानंतर प्रत्येक अर्ज आवक शाखेत देऊन दुसऱ्या प्रतीवर शिक्का व क्रमांक घेतला, आणि आपण बाकावर बसून किती दिवस फुकट घालवले याचा स्वतःवरच राग आला.

पुढच्या सुनावणीत चौकशी अधिकारी म्हणाले, ‘सादरकर्ते नाही म्हणतात, तर मी काय करणार?’ सहायकांनी शांतपणे सांगितले की नोंदवही दाखवावी, नाहीतर अनुक्रमांक 4 यादीतून वगळावा, आणि हे म्हणणे रोजनाम्यात, म्हणजे सुनावणीच्या कामकाजाच्या नोंदीत, घ्यावे. सोबत सर्वोच्च न्यायालयाचे दोन निर्णय दिले. काशिनाथ दीक्षिता प्रकरणात (1986) कागदपत्रांच्या प्रती नाकारल्यामुळे बडतर्फी टिकली नाही. सरोजकुमार सिन्हा प्रकरणात (2010) चौकशी अधिकारी हा विभागाचा प्रतिनिधी नसून त्याने तटस्थ राहायचे असते, असे म्हटले आहे. रोजनाम्यात नोंद झाली आणि पुढची तारीख पाहणीसाठीच लागली. माझ्या अनुभवात पूर्ण चौकशीत खरे वजन रोजनाम्यातील त्या चार ओळींना होते. रोजनामा वाचल्याशिवाय सही करू नये, हेही मी तिथेच शिकले.

नोंदवही लाल रुमालात बांधून आली. गाळ वाळून पाने एकमेकांना चिकटली होती आणि मी ती फूटपट्टीने एकेक करून सोडवली. शेरा रकान्यातील निळी शाई फुटली होती, तरी सही आणि तारीख वाचता येत होती. त्याच पानाची साक्षांकित प्रत तिथल्या तिथे मागून घेतली.

दोषारोप सिद्ध झाला नाही. अहवाल विरोधात गेला असता, तर त्याची प्रत देऊन माझे म्हणणे ऐकल्याशिवाय शिक्षा देता आली नसती. सर्वोच्च न्यायालयाच्या रमझान खान प्रकरणातील 1990 च्या निर्णयापासून ते बंधनकारक आहे आणि करुणाकर प्रकरणात (1993) ते कायम झाले. आधी सांगायचे राहिले ते असे की निलंबनात निर्वाह भत्त्यासाठी अन्य नोकरी करत नसल्याचे प्रमाणपत्र दर महिन्याला द्यावे लागते. माझे एकदा राहिले आणि भत्ता अडकला. तीन महिन्यांनंतर भत्ता वाढवून मिळू शकतो, पण त्यासाठी मला अर्ज करावा लागला.

दोषमुक्तीच्या आदेशातही माझा उल्लेख ‘अपचारी कर्मचारी’, म्हणजे गैरवर्तनाचा ठपका असलेली, असाच आहे. निलंबनाचा काळ कर्तव्यकाळ धरण्याबाबत त्यात एक शब्द नव्हता. त्यासाठी मी दोन अर्ज दिले असून दोन्हींची पोच माझ्याजवळ आहे.