मिस्त्री कुठाय?

छपराच्या पत्र्याचं काम करतो म्हटलं की लोक आधी दर विचारतात. साइटवर येऊन गेलेले लोक मात्र दुसरंच विचारतात: "बाया वर चढवताय होय? स्वस्त पडतात म्हणून का?" कुणी हसत विचारतं, कुणी खरंच रागानं. परवा सोलापुरात होटगी रोडला एका निवृत्त गुरुजींनी चहा देता देता हेच विचारलं आणि मी नेहमीसारखं "तसं काही नाही हो" म्हणून वेळ मारून नेली. खरं उत्तर जरा लांबलचक आहे. ते इथं सांगतो.

सुरुवातीला, हो. स्वस्त पडायच्या म्हणूनच.

तेव्हा माझ्याकडे मिस्त्रीला ९००, हेल्परला ६०० आणि बाईला ४०० असा रोज होता. टेम्पोतून पत्रे उतरवायचे, खालून वर द्यायचे, जे-बोल्ट (पत्रा आवळायचे आकडे) आणि वायसर (बोल्टखालच्या चकत्या) मोजून ठेवायचे, शेवटी झाडलोट, ही बाईची कामं. यातलं झाडणं वाटतं तेवढं साधं नाही. सिमेंटच्या पत्र्यात पांढरा ॲस्बेस्टॉस असतो. तो कापताना उडणारी धूळ फुफ्फुसात बसली की दुखणं वीस-तीस वर्षांनी वर येतं, आणि येतं तेव्हा कर्करोगही असू शकतो. कापणारा गडी तोंडाला रुमाल बांधायचा. ती धूळ कोरडी झाडायला बाई, पदर नाकाला लावून. आता आम्ही पत्रा ओला करून हातकरवतीनं कापतो, ग्राइंडर लावत नाही, आणि पडलेला चुरा पाणी मारूनच उचलतो. हे शहाणपण मला फार उशिरा आलं.

गंमत म्हणजे मी स्वतः रोजगार हमीवर वाढलेला. बहात्तरच्या दुष्काळात आई खडी फोडायला जायची, पुढं हमीच्या कामावर मातीकाम. तिथं पैसे मापावर मिळायचे. बाई-बाप्या असा वेगळा दर नव्हता. अशा आईचा मुलगा वीस वर्षं ४०० आणि ६०० चा हिशेब करत बसला, हे लिहितानाही बरं वाटत नाही. आजी तर दर उन्हाळ्यात माळवदावर चढून पांढरी माती टाकायची, चोपायची. तेव्हा बाई वर कशी, असं गल्लीतल्या कुणी विचारलं नाही. वरचं काम मजुरीचं झालं आणि बाई खाली आली.

आता अक्काचं सांगतो. सोलापूरच्या पूर्व भागातली, घरात तेलुगू. सगळी साइट तिला अक्काच म्हणते. आधी विड्या वळायची. हजारावर मजुरी, त्यातून बाद केलेल्या विड्या वजा. तंबाखूनं खोकला लागला म्हणून सोडलं आणि माझ्याकडे बिगारी म्हणून आली. ती वर गेली ती गळतीमुळं.

मे महिन्यात आमच्याकडं गळतीची कामं लागतात. पाऊस यायच्या आत सगळ्यांना घाई. दुपारी घरात बाईमाणूसच असतं आणि अनोळखी गड्याला आत घ्यायला नको वाटतं. म्हणून मी अक्काला आत पाठवायचो. ती भिंतीवरचे डाग बघायची, खडूनं खुणा करायची, घरच्या बाईला विचारायची, की पाऊस कुठल्या बाजूनं लागला की गळतं, आधी टपकतं की आधी ओल येते. आणि वर माझा मिस्त्री डागाच्या नेमका डोक्यावर डांबर फासून मोकळा. पाणी जिथं टपकतं तिथं भोक नसतं हो. ते पत्र्याच्या खालून पर्लिनपर्यंत, म्हणजे पत्रा ज्यावर टेकतो त्या आडव्या दांड्यापर्यंत, येतं, पर्लिन धरून हातभर, कधी वावभर पुढं जातं आणि मग खाली पडतं. अक्का खालून ओरडायची, "तिथं नाही ओ, त्या अंगाला!" मिस्त्री ऐकायचा नाही. जूनमध्ये गिऱ्हाईक मला फोनवर शिव्या द्यायचं. तिसऱ्या वेळी तिनं साडी खोचली आणि शिडी चढली. बोल्टखालचा वायसर कुजला होता. एवढंच.

तिचं हलकं वजनही कामाला आलं. सिमेंटच्या पत्र्यावर चालायचं ते बोल्टांच्या रेषेवरून, कारण खाली पर्लिन असतं. मध्ये पाय पडला की पत्रा फुटतो. जुन्या पत्र्यावर तर फळी टाकल्याशिवाय जाऊच नये. हे सगळ्या गड्यांना पाठ असतं. पण तब्येतीनं दणकट पोरगा बारकाईनं पाय टाकत नाही.

म्हणूनच दुसरी गोष्ट सांगावी लागते. एमआयडीसीतल्या एका शेडवर माझ्याकडचा एक उत्तर प्रदेशचा पोरगा पत्र्यातून खाली गेला. चौदा फूट. कंबरेचं हाड मोडलं. फळ्या होत्या, टेम्पोत. घाई होती म्हणून मी काढल्या नाहीत. दवाखान्यात त्याचं पूर्ण नाव विचारलं आणि मला सांगता येईना. माझ्या हजेरीच्या वहीत तो "भैय्या २" होता.

त्या रात्री मी वही वाचत बसलो. "भैय्या १", "भैय्या २". "वडार जोडी", म्हणजे नवरा-बायको दोघं, पैसे नवऱ्याच्या हातात. "बाई", "बाई", "बाई". पूर्ण नावं फक्त मिस्त्रींची.

वहीतलं नाव म्हणजे नुसती शाई नसते. बांधकाम कामगारांचा १९९६ चा कायदा २०२५ पर्यंत होता. त्याखाली झालेल्या कल्याणकारी मंडळात नोंद व्हायची तर वय १८ ते ६० आणि मागच्या बारा महिन्यांत ९० दिवस बांधकामावर काम केल्याचा दाखला लागतो. नोंद असली तर अपघातात मदत मिळते, पोरांच्या शिक्षणाला मिळते. मी "जोडी" लिहिलं की त्यातल्या बाईचे ९० दिवस हवेत गेले. भैय्याचे तर गेलेच. त्या कायद्यात पाळणाघरही होतं, पण पन्नासपेक्षा जास्त बायका असतील तिथं. माझ्यासारख्या नऊ माणसांच्या टोळीत ते कधी येणार? आमच्याकडं लेकरू टेम्पोच्या सावलीत झोपतं, अजूनही.

मग वही बदलली. प्रत्येकाचं पूर्ण नाव, प्रत्येकाचा पगार त्याच्या हातात. दर कामावर, माणसावर नाही: वर चढून बोल्ट मारणाऱ्याला एकच दर, कुणी का असेना. समान कामाला समान मोबदला हा कायदा १९७६ सालीच झाला होता, तेव्हा मी काही थोर केलं नाही. दोन जुने मिस्त्री सोडून गेले. एकानं स्पष्ट सांगितलं, बाईएवढा पगार घेणार नाही. मी म्हटलं, अरे तुझा कमी कुठं केलाय? पण ते त्याला पटलं नाही.

बाकीच्या अडचणी पैशाच्या नव्हत्या. सेफ्टी बेल्ट गड्याच्या छातीच्या मापाचा. साडीवर तो बसत नाही आणि शिडीवर साडी म्हणजे जिवाशी खेळ. अक्कानं मुलाची पँट आणि नवऱ्याचा शर्ट चढवला. चार दिवस सगळे हसले, मग थांबले. दुसरं, साइटवर बाईला जायला जागा नसते, म्हणून ती पाणीच पीत नाही. सोलापुरात मेमध्ये ४२-४३ अंश, आणि तापल्या पत्र्यावर त्याहून जास्त. एकदा तिला चक्कर आली तेव्हा हे कळलं. आता आम्ही सकाळी सहाला चढतो, अकराला उतरतो, परत चारनंतर. आणि गिऱ्हाइकाला मी माप घ्यायच्या आधी शौचालय कुठंय ते विचारतो. लोक विचित्र बघतात.

सगळंच जमलंय असं नाही. एका घरी काम झाल्यावर मालकीणबाईंनी सगळ्यांना पाणी दिलं, आमच्या वडार पोराला आडनाव विचारलं, आणि त्याच्यासाठी प्लॅस्टिकची बाटली आणली. मी काही बोललो नाही. बिल मात्र पूर्ण घेतलं. पुढं मी पाण्याचा जारच सोबत ठेवायला लागलो आणि मला वाटलं, प्रश्न मिटला. पोरगाच एकदा म्हणाला, "मालक, जारनं त्यांची सोय झाली, आपली न्हाई." अजून मला त्यावर उत्तर सुचलेलं नाही.

आणि मुक्कामाची कामं. करमाळा, मंगळवेढ्याकडं चार दिवसांचं काम निघालं की पैसा बरा असतो. पण अक्का येत नाही. घरी स्वयंपाक कोण करणार? दर सारखा केला, पण वर्षाची कमाई सारखी झाली नाही ती नाहीच.

तर, स्वस्त पडतात का? नाही, आता पडत नाहीत. पण गळतीचं काम दुसऱ्यांदा करायला जावं लागत नाही, त्यात भागतं.

परवा विडी घरकुलात, म्हणजे विडी कामगारांच्या वसाहतीत, एका कामावर मालक आले, वर बघितलं, खाली बघितलं आणि अक्कालाच विचारलं, "मिस्त्री कुठाय?"

ती ड्रिल न थांबवता म्हणाली, "मीच हाय की. हेल्पर पाहिजे काय? तो खाली बसलाय, वही लिहितोय."