डांबरगोळ्यांच्या डब्यातलं कोयनेचं खोरं

चिपळूणच्या त्या घरात पोचलो तेव्हा प्रोजेक्टर टेबलावर मांडून तयार होता. आजोबांनी घाटमाथ्यावरच्या धनगरवाड्यांत टिपलेली 16 मिमी फिल्म घरच्यांना लगेच बघायची होती. आधी प्लग काढायला लावला. इतकी जुनी फिल्म आकसलेली असते; प्रोजेक्टरचे दात छिद्रं फाडत जातात.

माळ्यावरून दोन डबे उतरले. एक पावसाच्या धास्तीने प्लास्टिकच्या पिशवीत घट्ट बांधलेला, वर डांबरगोळ्या. झाकण उघडताच व्हिनेगरचा भपकारा आला. दुसरा नुसता धोतराच्या फडक्यात. रिळावर बुरशीचे पांढरे ठिपके, पण आंबूस वास नाही. घरच्यांना काळजी बुरशीची, मला पिशवीची. अॅसिटेट या प्लास्टिकची फिल्म दमट उष्ण हवेत विघटू लागली की अॅसिटिक आम्ल सुटतं आणि तेच आम्ल पुढचं विघटन वाढवतं. पिशवीत ते कोंडून राहिलं. कोकणात जपणुकीच्या नावाखाली फिल्मचा असा घात नेहमी होतो.

वासाच्या रिळाची 100 छिद्रांची लांबी मोजली. नव्या फिल्मला 762 मिमी भरते, इथे 753 भरली. म्हणजे आकसणं जवळपास 1.2 टक्के. एक टक्क्याच्या पुढे प्रोजेक्टर विसरायचा. बिनदाती स्कॅनरवर आधी हेच रीळ घ्यायचं ठरलं, कारण बुरशीवालं थांबू शकतं.

बुरशीला पाणी लावायचं नाही. तिने खाल्लेलं जिलेटिन पाण्यात विरघळतं आणि चित्रच पुसलं जातं. आधी एसीच्या खोलीत कोरडी होऊ द्यायची, मास्क लावून मऊ ब्रशने झाडायची, मग 99 टक्के आयसोप्रोपिल अल्कोहोलचं धागे न सुटणारं फडकं, दर हाताला नवी घडी.

साल मात्र कडेनेच सांगितलं. कोडॅकच्या फिल्मच्या काठावर साल दाखवणारी खूण असते, ती दर वीस वर्षांनी परत येते. इथे चौकोन होता: 1937, 1957 किंवा 1977. भिंगाखाली एका फ्रेममध्ये जीप दिसली, 1937 बाद. पुढे नदीकाठची भातखाचरं, जिथे आज कोयना धरणाच्या शिवसागर जलाशयाचं पाणी आहे. 1977 पण बाद. अर्थात 1957 हे फिल्म बनल्याचं साल, चित्रीकरण थोडं नंतरचंही असेल.

छिद्रं दोन्ही काठांना, म्हणजे आवाजाची पट्टी नाहीच. माणसांच्या चालीवरून वेग सेकंदाला 16 फ्रेम धरला: 100 फुटांच्या रिळाला 4 मिनिटं 10 सेकंद. 24 ने दाखवलं तर नाचणी झोडपणाऱ्या बायका उगाच विनोदी दिसतात.

मूळ रिळं आता फ्रिजमध्ये, पिशवीतच. थंडीत विघटन मंदावतं आणि पिशवी बाहेरची ओल अडवते, म्हणून इथे ती चालते, माळ्यावर नाही. आम्ल शोषायला आत मॉलिक्युलर सीव्हच्या पुड्या. बाहेर काढल्यावर 24 तास पिशवी उघडायची नाही, नाहीतर जुलैच्या हवेत फिल्मला घाम फुटतो. डांबरगोळ्या कपड्यांच्या कपाटात परत.