मिरवणुकीत कोण, बघायला कोण

चहा व्हायचा होता. तेवढ्यात भाचीने साडीच्या खोक्याचं झाकण उलटं केलं, पेनने त्यावर आमच्या अंगणाचा नकाशा काढला आणि तो माझ्यापुढे सरकवून म्हणाली, "आत्या, एन्ट्रीचं सगळं तू बघ."

लग्न घरच्याच अंगणात. दोन्हीकडची मिळून माणसं चाळीस. मागच्या खोलीच्या दारापासून बोहल्यापर्यंतचं अंतर किती, तर दोन नऊवारी ताणून वाळत घालता येतील एवढं. तेवढ्या जागेत तिने बाणच बाण काढले होते. फाटकाकडून नवऱ्यामुलाचा वरघोडा, म्हणजे वाजतगाजत मिरवणूक, कारण तिकडचे गुजराती. मागच्या दाराकडून फुलं उधळणारी पोरं, मग मैत्रिणी, मग करवल्या, मग चौघा भावांनी चार कोपऱ्यांना धरलेली फुलांची चादर आणि चादरीखाली ही. मोजलं तर चाळिसांतले एकतीस जण मिरवणुकीत. राहिलेल्यांत दोन तान्ही बाळं, त्यांच्या आया आणि गुडघेवाली मंडळी.

"मग बघायला कोण?"

"ड्रोन आहे ना."

आता खरं सांगायचं तर हळू चालणाऱ्या माणसांशी माझं मुळातच जमत नाही. आमच्या बडोद्याच्या मंगळ बाजारात तिघीजणी हातात हात घालून, रस्ता अडवून, खरेदी करायची का नको अशा चालीने पुढे चालल्या की माझी शीर उठते. आणि हल्ली नवरीच्या चालण्याचं जे झालंय ते तर बघवत नाही. दोन पावलं टाकायची, थांबायचं, वर बघायचं, हसायचं, मागून धूर सोडायचा. "दीदी, जरा स्लो," असं फोटोग्राफर ओरडणार, की पुन्हा पहिल्यापासून. आमच्याकडे नवरी गौरीहरापाशी बसलेली असायची. मामाची पिवळी अष्टपुत्री साडी, मान खाली. गुरुजींची हाक आली की मामा दंडाला धरून उठवायचे आणि जवळजवळ पळवतच आणायचे. लोक त्या वेळी अक्षतांचं ताट कुठवर आलं ते बघत असत. मान वर करेपर्यंत नवरी पाटावर, पुढे अंतरपाट. म्हणजे जिच्यासाठी सगळे जमले, तिचं येणंच कोणी बघितलेलं नाही! मला हे फार आवडतं. भाचीला अजिबात आवडत नाही.

हळूच चालायचं असेल तर ते देवाने चालावं. कार्तिकी एकादशीला मांडवीच्या विठ्ठलमंदिरातून विठ्ठलनाथजींचा वरघोडा निघतो आणि पौर्णिमेला नरसिंहजींचा. नरसिंहजी तर खरोखरच लग्नाला निघालेले असतात. त्यांच्या पोळातून, म्हणजे गल्लीतून, पालखी निघते ती तुळशीवाडीला, तुळशीशी लग्न लावायला. लहानपणी आम्ही एका नातेवाइकांच्या माडीच्या कठड्याला लोंबकळून ते बघायचो. पालखी दिसायच्या आधी मशाली दिसत, त्याच्या आधी आवाज. आपल्यापाशी पोचेपर्यंत निम्मी पोरं झोपलेली. पालखी खालून गेली की माडीवरचे सगळे मोठे चपला शोधत खाली उतरायचे आणि मागे मागे चालू लागायचे. आत्तापर्यंत चालत आलेले कोणी आमच्या ओट्यावर टेकून पाणी मागायचे. गाव एवढं मोठं असलं की बघणारे आणि चालणारे आळीपाळीने बदलता येतात. चाळिसांत ते कसं जमवणार?

करवल्यांच्या बाणावर माझं बोट थांबलं. मी चौथीत वगैरे असेन, मावसबहिणीच्या लग्नात करवली होते. दांडिया बाजारातलं कार्यालय, मे महिना. मामेबहिणीच्या हातात करा, माझ्या हातात ताम्हण आणि त्यात तुपाचं निरांजन. "वात विझू द्यायची नाही," एवढंच सांगितलेलं. पण पंखे सगळे फुल. शेवटी माझ्या दिव्यासाठी एक पंखा बंद केला, तो नेमका नवऱ्यामुलाच्या आजोबांच्या डोक्यावरचा. ते मंगलाष्टकं संपेपर्यंत दिव्याकडे न बघता माझ्याकडेच बघत होते.

बाहेर बँडवाले उभे. लग्न लागलं हे त्यांना कळायला हवं, म्हणून दारात एका चुलतभावाला रुमाल देऊन उभा केलेला. 'सावधान' झालं की रुमाल हलवायचा. कितव्या सावधानला, ते कोणी सांगितलं नव्हतं. पहिलं कडवं संपलं, सावधान झालं, पोराने इमानेइतबारे रुमाल हलवला. बँड दणक्यात सुरू. लोकांनी मुठीतल्या होत्या नव्हत्या तेवढ्या अक्षता एकदम उधळल्या. अंतरपाटाचं एक टोक सुटलं, नवऱ्यामुलाने नवरीला बघून घेतलं आणि गुरुजी ओरडले, "धरा, धरा, अजून वेळ आहे!" मग अंतरपाट पुन्हा धरला. उरलेली मंगलाष्टकं सतरंजीवरून वेचलेल्या अक्षतांवर पार पडली. त्यात एका काकांनी स्वतः रचलेलं, दोन्ही घरच्या माणसांची नावं गुंफलेलं, न संपणारं एक. ताम्हणाची कड बोटांना भाजत होती. वात मात्र विझली नाही. पण त्याचं कोणालाच काही नव्हतं.

नवरीच्या पाठीशी मी होते, तरी ती कशी चालत आली ते मलाही आठवत नाही.

वेवाणबेनना, म्हणजे विहीणबाईंना, फोन केला. वरघोडा फाटकापासूनच का, कोपऱ्यावरच्या दुकानापासून चालेल का, असं विचारलं. त्या हसल्या. "बेन, तमने जेम फावे तेम. पण ढोल तो जोईए ज." म्हणजे तुम्हाला जमेल तसं, पण ढोल हवाच. ढोल मान्य. पोंखण्याची, म्हणजे दारात नवऱ्यामुलाला ओवाळण्याची, तयारी वहिनी करणार. त्यांच्यातही मुलीला मंडपात मामाच आणतो, हे कळल्यावर मला फार बरं वाटलं. एक बाण तरी दोन्हीकडून सारखा.

गुरुजींकडे हे झाकण घेऊन जावंच लागलं. सयाजीराव महाराजांनी 1915 साली बडोदा संस्थानात पुरोहितांसाठी कायदा केला होता. परीक्षा द्यायची आणि विधींचा अर्थ वधूवरांना समजेल अशा भाषेत सांगायचा. आमचे गुरुजी त्या परीक्षेत पहिले आले असते. सप्तपदीचं एकेक पाऊल ते इतकं समजावून सांगतात की सातव्यापर्यंत पंगतीतलं वरण गार होतं. पण एन्ट्रीबद्दल त्यांना काहीच समजावायचं नव्हतं. झाकण त्यांनी चष्मा वर करून बघितलं, उलटं करून साडीच्या दुकानाचं नाव वाचलं आणि परत दिलं.

"ताई, मुहूर्त 12 वाजून 17 मिनिटांचा. तेव्हा मुलगी पाटावर पाहिजे. कशी येते ते तुमचं तुम्ही बघा."

तर मामा. वहिनीचे थोरले भाऊ, अठ्ठ्याहत्तरचे. मांडीचं हाड मोडल्यापासून वॉकर घेऊन चालतात. दोन्ही हात वॉकरवर, मग मुलीचा हात धरायचा कशाने? धाकट्या मामांना पुढे करावं असं निघालं, तेव्हा मामा वहिनीला म्हणाले, "अष्टपुत्री घेऊन ठेवलीय मी." विषय संपला. रविवारी ते मुद्दाम रिक्षा करून आले आणि अंगणात एकदा चालून दाखवलं. वॉकर उचलायचा, पुढे टेकायचा, एक पाय, दुसरा पाय. भाची वॉकरच्या आडव्या दांडीवर हात ठेवून शेजारून चालली. मधे फरशीचा उंचवटा आहे तिथे दोघं थांबली, तिने पायाने चाचपून सांगितलं, मग पुढे. चांगला वेळ लागला. मी पायरीवर बसून बघत होते आणि माझी शीर उठली नाही. फुलांची चादर रद्द करा म्हटलं, चौघांचे हात भरून येतील. धूर तर नाहीच, मामांना खोकला आहे. पोरं, मैत्रिणी सगळ्यांना बसवून टाकलं. मामा, ती, मागे दोन करवल्या. बास.

दादा इतका वेळ माळ्यावरून उतरवलेल्या समया पुसत बसला होता. एकदम म्हणाला, "यात मी कुठे असतो?"

आम्ही तिघीही झाकणाकडे बघत राहिलो. मुलीचा बाप कन्यादानाला बसतो, ते सगळ्यांना माहीत. पण ती खोलीतून निघून बोहल्यावर पोचेपर्यंत तो कुठे असतो? रात्री मी माझ्या लग्नाचा अल्बम काढला. गौरीहर आहे, मामा आहेत, अंतरपाटाचे चांगले सहा फोटो आहेत. एकातही बाबा नाहीत. पुढे कन्यादानात आहेत, कपाळावर घाम, सदऱ्याच्या खिशात पावत्या. त्या वेळी ते बँडवाल्याकडे असतील, आचाऱ्याकडे असतील, स्टेशनवरून कोणाला आणायला गेले असतील. आता विचारायला ते नाहीत, आणि होते तेव्हा मला हा प्रश्न पडला नाही.

सकाळी दादाला म्हटलं, तू मामांच्या डाव्या बाजूने चाल, उंचवट्यापाशी लागलं तर धरता येईल.

"ते ठीक आहे," तो म्हणाला, "पण तेव्हा केटररकडे कोण बघणार?"